आमच्या लग्नाची ढाल कशाला?

सुप्रियो विरुद्ध भारत सरकार. निकाल १७ ऑक्टोबर २०२३. पाच न्यायमूर्ती, चार निकालपत्रं, पानं ३६६, सगळं इंग्रजीत. डिक्शनरी घेऊन बसलो. कारण आपल्या वसमतचे कार्यकर्ते म्हणायलेत, समलिंगी लग्न ही मुंबई-पुण्याच्या पोट भरलेल्यांची थेरं, आपला काय संबंध?

दोस्तांनो, केंद्र सरकारनंही कोर्टात हेच लिहून दिलं होतं. म्हणे शहरी अभिजनांची मागणी. सरकारची अन् आपली भाषा एक कशी झाली? सरन्यायाधीश चंद्रचूडांनी हे म्हणणं खोडलंय. गावात शेतावर राबणारी बाईही अशी असू शकते, असं ते लिहितात. आपल्याकडं हळदीच्या रानात खुरपणारी बाई म्हणा की. एवढ्यापुरतं निकालपत्र मला आपलं वाटलं.

पण पुढं? १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात नवरा २१ चा, नवरी १८ ची, म्हणजे पुरुष अन् स्त्रीच. हे कलम रद्द केलं तर वेगळ्या जातीधर्माच्या माणसांना लग्न करता येत नव्हतं त्या स्वातंत्र्याआधीच्या काळात देश जाईल, असं चंद्रचूड म्हणतात. म्हणजे आमच्या आंतरजातीय लग्नाची ढाल करून त्यांना दाराबाहेर ठेवलं! आम्ही कधी दिली ही ढाल? अर्जदार तर म्हणत होते, कलम ठेवा, पण 'पुरुष-स्त्री'च्या जागी 'व्यक्ती' असं वाचा. उत्तर आलं, ते संसदेचं काम. हिंदू कोड बिल संसदेतच अडलं आणि १९५१ ला बाबासाहेबांनी राजीनामा दिला, हे आपण विसरलो का?

न्या. भट लिहितात, विवाहसंस्था राज्याच्याही आधीची. असेल. जातही संविधानाच्या आधीचीच आहे. जातीतच लग्न करण्याच्या बंधनावर जात उभी आहे, हे बाबासाहेबांनी १९१६ च्या निबंधात मांडलं. तो निबंध वाचलेल्यानं 'पूर्वापार' या शब्दापुढं मान तुकवायची? लग्न हा मूलभूत हक्क नाही, यावर मात्र पाचही जणांचं एकमत. दोघं म्हणाले, निदान सोबतीच्या नात्याला तरी मान्यता द्या. तिघांनी तेही नाकारलं.

आणि १९३४ आठवा. र. धों. कर्व्यांच्या 'समाजस्वास्थ्य'वर अश्लीलतेचा खटला झाला. वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना छापून उत्तरं दिली, हा गुन्हा. मुंबई हायकोर्टात वकील म्हणून उभे राहिले ते बाबासाहेब. खटला हरले. पण माझा काय संबंध, असं म्हणाले नाहीत.

यातल्या काही अर्जांत लग्नाआधीच्या ३० दिवसांच्या नोटिशीलाही आव्हान होतं. ही नोटीस विवाह अधिकाऱ्याच्या ऑफिसात लागते, मुलीच्या घरी बातमी जाते, अन् जातीबाहेर लग्न करणाऱ्या आपल्या पोरापोरींना गाव सोडून पळावं लागतं. या निकालानं ती नोटीस हटवली नाही. फेरविचाराचे अर्जही जानेवारी २०२५ मध्ये फेटाळले गेले. नोटिशीविरुद्ध तरी आपण अन् ते मिळून अर्ज का करू नये? येत्या बैठकीत हा विषय मी मांडणार आहे.