सुपर की साधं?

'द अम्ब्रेलाज ऑफ शेरबूर' (1964) या जाक देमीच्या फ्रेंच सिनेमात एकही वाक्य नुसतं बोललं जात नाही. सगळं गायलं जातं, अगदी गाडीचं इंजिन थंड असताना आवाज करतं हेसुद्धा. सुरुवातीलाच गॅरेजमधला एक कामगार आपल्याला ऑपेरा आवडत नाही, सिनेमा बरा वाटतो, हे गाऊनच सांगतो!

आपल्याकडे गाणं लागलं की गोष्ट जरा थांबते. संगीत नाटकात तर वन्स मोअरही मिळतो. इथे वन्स मोअर मागायला जागाच नाही. मिशेल लग्राँचं संगीत काळासारखं पुढे सरकत राहतं, कुणासाठी थांबत नाही.

गोष्ट 1957 मध्ये सुरू होते. छत्र्यांच्या दुकानातली जनव्हिएव्ह (कॅथरीन दनव) आणि मेकॅनिक गी प्रेमात आहेत. त्याला सक्तीच्या लष्करी सेवेसाठी दोन वर्षं अल्जीरियाच्या युद्धात जावं लागतं. मागे ती गरोदर. त्याची पत्रं तुरळक, आईचं दुकान कर्जात. जवाहिऱ्या रोलाँ तिला पोटातल्या बाळासकट स्वीकारायला तयार होतो, आणि ती लग्न करते. राग काढावा असं कुणीच सापडत नाही. रोलाँसुद्धा भला माणूस आहे. म्हणूनच जास्त लागतं.

'ला ला लँड'वर (2016) या सिनेमाचा प्रभाव आहे, हे दिग्दर्शक डेमियन शझेल उघड सांगतो. रंग, दुरावा, वर्षांनंतरची भेट, सगळं तिथे आलं. युद्ध आणि कर्ज मात्र गळालं. तिथलं जोडपं आपापल्या स्वप्नांपायी दूर होतं, आणि शेवटी 'असं झालं असतं तर'चा सुंदर तुकडा आपल्याला मिळतो. माझ्या आयटीतल्या पिढीला तो जवळचा वाटणारच, कारण निवड आपल्या हातात असते हा दिलासा त्यात आहे.

देमी तो दिलासा देत नाही. 1963 चा डिसेंबर, बर्फ पडतंय. गी आता पेट्रोल पंपाचा मालक आहे, त्याला बायको-मुलगा आहे. जनव्हिएव्ह योगायोगाने तिथेच गाडी थांबवते. गाडीत त्याची मुलगी बसलेली. भेटणार का, असं ती विचारते. तो नाही म्हणतो. आणि मध्येच तिला विचारलं जातं, पेट्रोल सुपर की साधं? तेही गाऊनच.

'ला ला लँड' बघून रडला असाल, तर हा नक्की बघा. स्वप्नाचा तुकडा काढून टाकल्यावर प्रेमकथेत काय उरतं, ते इथे दिसतं.