‘कूळ’ संज्ञेचा अर्थविचार

बाभुळगावसारख्या वऱ्हाडी तालुक्यात जमिनीच्या ताब्याचा वाद बहुधा नावाच्या वादातून उद्भवतो. मालक कसणाऱ्यास ‘सालदार’ म्हणतो. कसणारा स्वतःस ‘बटईदार’ म्हणवितो. ‘कूळ’ हा मूळचा वंशवाचक शब्द या दोहोंतील भेद सुचवीत नाही. विदर्भासाठी १९५८ साली झालेल्या कूळवहिवाट अधिनियमाने मात्र तो अचूक हेरला आहे. परक्याची जमीन कायदेशीरपणे कसणारा कूळ ठरतो; मालकाचा कुटुंबीय, ताबेगहाणदार आणि रोख वा धान्यरूप वेतनावरील चाकर वगळले जातात. चाकराचे वेतन पिकाच्या हिश्शाने दिल्यास हा अपवाद लागू होत नाही. म्हणजे निर्णायक आहे तो पिकातील वाटा, संबोधन नव्हे. बोली तोंडीच असल्यास त्या वाट्याचा पुरावा कसणाऱ्याने कोठून आणावा, याचे उत्तर मात्र व्याख्येत नाही.