जतन आणि खेळणे : 'सुपर मारिओ क्रॉसओव्हर'च्या संदर्भात

संगणकीय खेळाला संहिता मानले, तर चाहत्यांनी त्यावर रचलेला नवा खेळ हे त्या संहितेवरील भाष्य ठरते. जे पाव्लिना यांचा, ब्राउझरमध्ये फ्लॅशच्या आधारे चालणारा 'सुपर मारिओ क्रॉसओव्हर' (२०१०) हे याचे ठळक उदाहरण होय. 'सुपर मारिओ ब्रदर्स' (१९८५) मधील टप्पे कायम ठेवून त्यात मारिओऐवजी लिंक, सॅमस, मेगा मॅन, सायमन किंवा बिल ही अन्य खेळांतील पात्रे निवडता येतात.

मूळ खेळातील खड्ड्यांची रुंदी, विटांची उंची व शत्रूंच्या जागा मारिओच्या उडीच्या मापाने बेतलेल्या आहेत, हे खेळताना सहसा जाणवत नाही. परके पात्र येताच ते उघड होते. 'द लेजंड ऑफ झेल्डा' (१९८६) मध्ये लिंकला उडी मारता येत नाही. येथे ती त्याला द्यावी लागली. याउलट, बिलची बंदूक शत्रूला दुरूनच टिपते आणि प्रसंगातील ताण ओसरतो. ही रचनेतील उणीव खरी. परंतु मूळ खेळाचा ताण कशावर उभा होता, हे तीच दाखवून देते.

हे भाष्य वर्णनाने नव्हे, खेळूनच कळते. त्यामुळे जतनाचा प्रश्न येथे समीक्षेचाच प्रश्न बनतो. अडोबीने ३१ डिसेंबर २०२० रोजी फ्लॅश प्लेअरचा आधार थांबवला व १२ जानेवारी २०२१ पासून त्यातील आशय चालणे बंद केले. फाइल शाबूत राहिली, कृती मात्र मूक झाली. शिवाय या पात्रांचे हक्क निन्टेन्डो, कॅपकॉम व कोनामी या कंपन्यांकडे असल्याने अधिकृत पुनर्प्रकाशनाची वाट जवळपास बंद आहे. निन्टेन्डोच्या हरकतीनंतर 'फुल स्क्रीन मारिओ' २०१३ मध्ये हटवला गेला, ही घटना बोलकी आहे.

'फ्लॅशपॉइंट' हा प्रकल्प खेळासोबत तो चालवणारी साधनेही सांभाळतो. 'रफल' ही आज्ञावली आधुनिक ब्राउझरमध्ये फ्लॅशचे कार्य नव्याने घडवते. दोन्ही प्रयत्न स्वागतार्ह होत. तथापि 'क्रॉसओव्हर'च्या पुढील आवृत्त्यांत पात्रे वाढत गेली. केवळ अखेरची आवृत्ती जपल्यास भाष्याचा विकास हरवेल. सारांश, प्रत्येक आवृत्ती खेळण्यायोग्य स्थितीत राखणे हेच अशा कृतींचे खरे जतन होय.