विठाबाई नारायणगावकर : आख्यायिकेआड गेलेली वाणी

विठाबाई नारायणगावकर यांच्याविषयी जे लेखन झाले आहे, त्यातील बहुतेक एका प्रसंगापाशी येऊन थांबते. पूर्ण दिवस भरलेले असताना त्या फडावर उभ्या राहिल्या. वेणा सुरू होताच पडद्यामागे गेल्या. प्रसूत झाल्यावर दगडाने नाळ तोडून पुन्हा बोर्डावर आल्या. आणि प्रकार ध्यानी येताच प्रेक्षकांनीच त्यांना विश्रांती घ्यावयास सांगितले, अशी ही हकिकत आहे. ती महाराष्ट्रात सर्वतोमुखी झाली आहे. परंतु या हकिकतीने स्त्रीच्या सोशिकपणाची थोरवी सिद्ध होते. नटीची होत नाही. त्या रात्री विठाबाई काय गात होत्या, वगात त्यांची भूमिका कोणती होती, संवाद कोठे तुटला, हे सांगण्याची गरज सांगणाऱ्यास सहसा वाटत नाही. समीक्षेच्या दृष्टीने ही उणीव लहान नव्हे.

शिवाय त्या प्रसंगात निष्ठेइतकाच फडाचा व्यवहारही आहे. फड दसऱ्याच्या सुमारास बाहेर पडतो, पण त्याची खरी मिळकत चैत्र-वैशाखातील गावयात्रांच्या मोजक्या आठवड्यांत होते. सुपारी घेतलेली असते, कलावंतांनी उचल घेतलेली असते, आणि मुख्य नटी उभी राहिली नाही तर साऱ्या फडाचा दिवस बुडतो. हा हिशेब बाजूस ठेवून केवळ कलानिष्ठेचा गौरव करणे म्हणजे अर्धेच सत्य सांगणे होय.

या व्यवहाराचे केंद्र नारायणगाव व्हावे यात नवल नाही. जुन्नर तालुक्यातील हे गाव पुणे-नाशिक रस्त्यावर आहे. दक्षिणेस आंबेगाव तालुक्यातील मंचरची पेठ, उत्तरेस कल्याण-नगर रस्ता जेथे छेदतो ते आळेफाटा. तीन-चार जिल्ह्यांतील गावपंचांना येथे येणे सोयीचे. पाडव्याच्या सुमारास येथे फडांच्या राहुट्या लागतात आणि सुपाऱ्या ठरतात. ‘तमाशापंढरी’ हे बिरुद गावास त्यावरून मिळाले.

विठाबाईंचा जन्म मात्र खऱ्या पंढरीतला. १९३५ साली त्या पंढरपूर येथे जन्मल्या. त्यांचे आजोबा नारायण खुडे मूळचे शिरूर तालुक्यातील कवठे येमाईचे. फड त्यांनी उभारला आणि वडील भाऊ व चुलते बापू यांनी तो ‘भाऊ-बापू मांग नारायणगावकर’ या नावाने गाजविला. ‘विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर’ हे पूर्ण नाव भाषाभ्यासकाने थांबून पाहावे असे आहे. विवाहित स्त्रीच्या नावात पतीचे नाव येण्याची आपली रूढी. येथे पित्याचे नाव कायम राहिले, कारण फड पित्याचा होता. कुळाचे ‘खुडे’ हे आडनाव गळून पडले आणि त्याच्या जागी जात व गाव या दोन खुणा उभ्या राहिल्या. जातीचे नाव त्या काळी दूषण म्हणून फेकले जाई. फडाच्या पाटीवर तेच कसबाची ग्वाही होऊन बसले. महाराष्ट्र शासनाने २००६ मध्ये त्यांच्या स्मरणार्थ जीवनगौरव पुरस्कार सुरू केला, तेव्हा त्याच्या नावात ‘विठाबाई नारायणगावकर’ एवढेच राहिले. संक्षेप सोयीचा खरा; पण त्यात नेमके काय गाळले गेले हे विसरता कामा नये.

आता कलेकडे वळता येईल. विठाबाई ढोलकीफडाच्या परंपरेतील. या परंपरेत गण, गौळण, बतावणी, रंगबाजी आणि वग असा रात्रीचा क्रम. आणि या क्रमाबरोबर नटीची भाषा बदलत जाते. गौळणीत ती मावशी व कृष्ण यांच्याशी घरगुती, ठसकेबाज बोलीत हुज्जत घालते. लावणीत शब्द ढोलकीच्या बोलांवर तोलावे लागतात. वगात ती राणी झाली की पुस्तकी वळणाची प्रमाणभाषा येते, आणि तिच्या ‘पाणी’ला सोंगाड्या ‘पानी’ म्हणून उत्तर देतो. हशा येतो तो केवळ विनोदी वाक्याला नव्हे, तर दोन भाषारूपांच्या या टकरीला. एकाच रात्री, उघड्या माळावर, एकाच कंठाने ही तिन्ही रूपे पेलणे ही फडातील नटीची खरी कसोटी, आणि विठाबाईंना ‘तमाशासम्राज्ञी’ ही पदवी लोकांनी दिली ती या कसोटीवर. औपचारिक शिक्षण त्यांना लाभले नाही. ऐकून आणि उभे राहून त्या शिकल्या.

सुशिक्षित वर्गास तमाशा भेटला तो मुख्यतः चित्रपटांतून. ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) हे त्याचे ठळक उदाहरण. पण चित्रपटात नाचणारी एक, गाणारी दुसरी आणि संवाद लिहिणारा तिसरा; फडात ही तिन्ही कामे बव्हंशी एकाच स्त्रीच्या अंगावर पडतात. पडद्यावरच्या तमाशावरून फडाचे मोजमाप करणे म्हणूनच फसवे ठरते.

येथे खरी अडचण उभी राहते. मॉस्को आर्ट थिएटरच्या ओल्गा क्निपर यांनी १९०४ साली ‘चेरी ऑर्चर्ड’मधील रानेव्हस्काया साकार केली, त्यांचा आवाज आज कानी पडला नाही तरी चेकॉव्हचे शब्द हाताशी आहेत. बालगंधर्वांच्या भामिनीचेही तसेच. ‘मानापमान’ (१९११) छापील आहे, ध्वनिमुद्रिकाही आहेत. वगाला असा आधार नसतो. कथानकाचा सांगाडा ठरलेला; बोलणे उभ्याउभ्या रचलेले, कालचे आज नसलेले. मुंबई सरकारने १९५० च्या दशकात तमाशाच्या संहिता पूर्वतपासणीस मागविल्या, तेव्हा मागितली गेली ती नेमकी अशी वस्तू, जी या कलेपाशी नव्हती. तपासणीसाठी लिहिलेला वग आणि रात्री बोललेला वग यांत अंतर राहणे अपरिहार्य होते. ज्या नटीचे कर्तृत्व या अंतरात वसते, तिचे मोल छापील पाठावर पोसलेल्या समीक्षेस कळू नये हे स्वाभाविक. क्षम्य मात्र नव्हे. आख्यायिका फोफावली ती या रिकाम्या जागेतच.

१९६२ च्या चीनयुद्धकाळात विठाबाईंनी जवानांपुढे कार्यक्रम केले. १९९० मध्ये त्यांना राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान मिळाला. १५ जानेवारी २००२ रोजी त्या निवर्तल्या, तेव्हा रुग्णालयाचे देणे देणगीदारांनी भागविले. त्यांच्या कन्या मंगला बनसोडे यांनी स्वतःचा फड उभा केला आणि आईच्या नावाचा पुरस्कारही त्यांना मिळाला. आईच्या तालमीत वाढलेल्या या पिढीच्या तोंडी वगातील बोलण्याची जी वळणे उतरली आहेत, ती ध्वनिमुद्रित करून घेण्याचे काम जुन्नर-आंबेगावातील वृद्ध सोंगाडे, सुरते व ढोलकीवाले हयात आहेत तोवरच होऊ शकेल.