साक्षी की लेख? : सुरक्षा-कॅमेरा आणि तीन चित्रपट

मराठी वृत्तपत्रांनी सुरक्षा-कॅमेऱ्याला ‘तिसरा डोळा’ हे नाव दिले आणि ते पाहता पाहता रूढ झाले. रूपक आकर्षक असले तरी यथार्थ नाही. शंकराचा तिसरा डोळा उघडताच मदनाची राख झाली. ह्या कॅमेऱ्याने पाहिले म्हणून कशाचीच राख होत नाही. त्याची ख्याती आहे ती तटस्थतेची. तो थकत नाही, डुलकी घेत नाही, कोणाचा पक्ष घेत नाही आणि जे पाहिले ते विसरत नाही, अशी त्याच्याविषयी सर्वसाधारण समजूत आहे. म्हणूनच त्याच्यासंबंधी बोलताना ‘साक्षी’ हा शब्द सहज ओठांवर येतो. ईश्वरकृष्णाने सांख्यकारिकेत पुरुषाला साक्षी, मध्यस्थ, द्रष्टा आणि अकर्ता अशी विशेषणे लावली आहेत. ती सारीच्या सारी ह्या यंत्राला लागू पडतात असे प्रथमदर्शनी वाटते. अंतर एवढेच की, सांख्यांचा पुरुष चेतन आहे. चैतन्य वगळल्यावर बाकीच्या विशेषणांत काय शिल्लक राहते, हा प्रश्न मात्र सहसा विचारला जात नाही.

आपल्या धर्मशास्त्रकारांना ह्या बाबतीत अधिक स्पष्ट जाण होती. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायात लिखित, भुक्ती आणि साक्षी अशी तीन प्रमाणे सांगितली आहेत, आणि लिखित व साक्षी ह्यांची गल्लत तेथे केलेली नाही. साक्षीला प्रश्न विचारता येतो. त्याचे चारित्र्य, त्याचा हेतू, त्याची स्मृती तपासता येते. लेखाला प्रश्न विचारता येत नाही. लेखाच्या बाबतीत विचारावयाचे ते इतरांना : हा कोणी लिहिला, कोणाच्या ताब्यात होता, आणि आज तो कोण पुढे करीत आहे? सुरक्षा-कॅमेऱ्याचे चित्रण हे साक्षीच्या नव्हे, लेखाच्या वर्गात मोडते. ते साक्ष म्हणून वाचले जाते हीच त्याच्याविषयीच्या बहुतेक गैरसमजांची जननी होय. गेल्या काही दशकांत कथात्म चित्रपटाने ह्या यंत्राकडे जे लक्ष दिले, त्याचे मोलही हा भेद उघड करण्यात आहे.

ह्या यंत्राच्या इतिहासातील दोन प्रसंग येथे पुरेसे आहेत. न्यू यॉर्कच्या क्वीन्स भागात राहणाऱ्या मेरी व्हॅन ब्रिटन ब्राऊन ह्या परिचारिकेने पती अल्बर्ट ब्राऊन ह्याच्यासह १९६६ साली घराच्या सुरक्षेसाठी एका योजनेच्या एकस्वाचा अर्ज केला व १९६९ च्या डिसेंबरात ते त्यांना मिळाले. दारात वेगवेगळ्या उंचीवर भोके, त्यांच्यामागे वरखाली सरकणारा कॅमेरा, झोपण्याच्या खोलीत पडदा, बाहेरच्याशी बोलण्याची सोय, दूरूनच कडी काढण्याची सोय आणि धोक्याची घंटा, अशी ही योजना होती. तीत पाहणारी व्यक्ती आणि यंत्र एकाच छपराखाली आहेत, आणि कॅमेऱ्याचे तोंड बाहेर आहे. अनोळखी माणसाला दार उघडावे की नाही, हा निर्णय ती स्त्रीच घेते. कॅमेरा तिच्या डोळ्याची लांबी वाढवितो, एवढेच.

दुसरा प्रसंग १९९३ च्या फेब्रुवारीतला. लिव्हरपूलजवळच्या बूटल येथील एका बाजारसंकुलातून दोन वर्षांच्या बालकाचा हात धरून दहा-दहा वर्षांची दोन मुले चालली आहेत, हे तेथील कॅमेऱ्याने टिपले. बालकाची हत्या झाली. ते अंधूक चित्र साऱ्या ब्रिटनने दूरचित्रवाणीवर पुन्हा पुन्हा पाहिले आणि त्यानंतरच्या वर्षांत तेथील सरकारने सार्वजनिक कॅमेऱ्यांवर सढळ हाताने पैसा खर्च केला. विचार करावयाचा तो असा की, त्या चित्राने कोणालाही वाचविले नव्हते. कॅमेऱ्याने पाहिले, पण त्या क्षणी कोणी पाहिले नाही. आणि पाहिले असते तरी एका लहान मुलाला दोन मोठी मुले घेऊन जात आहेत, बहुधा भावंडे असावीत, असेच वाटले असते. चित्राला भीषण अर्थ आला तो पुढे काय झाले हे कळल्यावर. यंत्राच्या अपयशातूनच यंत्राचा प्रसार व्हावा, हा विरोधाभास समाजशास्त्रज्ञांना अपरिचित नाही. वेल्श व फॅरिंग्टन ह्यांनी २००९ साली केलेल्या संकलित परीक्षणात कॅमेऱ्यांमुळे गुन्ह्यांत सरासरीने सुमारे १६ टक्के घट आढळली, आणि तिचा मोठा भाग मोटारी उभ्या करण्याच्या जागांतला होता. शहरांच्या मध्यवस्तीत परिणाम नगण्यच ठरला. मोटारीची चोरी कशी दिसते हे ठरलेले असते. माणसांतील व्यवहार मात्र तसा एका दृष्टिक्षेपात वाचता येत नाही.

वाचनाची ही अडचण कलेच्या पातळीवर सर्वांत निष्ठुरपणे मांडली ती मिखाएल हानेके ह्याने ‘काशे’ (२००५) ह्या फ्रेंच चित्रपटात. प्रारंभी पॅरिसमधील एका घराचा दर्शनी भाग दिसतो. चित्र हलत नाही. प्रेक्षक त्याला दिग्दर्शकाने केलेले स्थलवर्णन समजतो. तेवढ्यात दोन माणसांचे बोलणे ऐकू येते, चित्रावर रेघा उमटतात, ते मागे पळू लागते, आणि उमगते की ही एक चित्रफीत आहे व घराचे मालक ती आत बसून पाहत आहेत. चित्रात काहीही बदललेले नाही; एक पानसुद्धा अधिक हललेले नाही. बदलला आहे तो त्याचा धनी. तेवढ्याने वर्णन होते ते धमकी बनते. हानेकेने चित्रपट आणि आतील फिती ह्यांच्या दृश्यरूपात फरक ठेवलेला नाही, हे येथे महत्त्वाचे. कोणते चित्र कोणाचे, हे चित्रावरून ठरविता येऊ नये अशीच त्याची योजना आहे.

नायक झॉर्झ हा दूरचित्रवाणीवर ग्रंथचर्चेचा कार्यक्रम चालवितो. म्हणजे वाचन हाच त्याचा व्यवसाय. त्या मुक्या फितींचे तो जे वाचन करतो ते मात्र सर्वस्वी त्याच्या अपराधभावनेने रंगलेले आहे. त्याच्या आईवडिलांच्या शेतावर एक अल्जीरियन जोडपे राबत होते. १७ ऑक्टोबर १९६१ रोजी पॅरिसमध्ये अल्जीरियनांच्या निदर्शनावर पोलिसांनी केलेल्या हत्याकांडात ते नाहीसे झाले. त्यांचा पोरका मुलगा मजीद घरात सामावला जाणार होता. सहा वर्षांच्या झॉर्झने खोटे सांगून त्याला घालवून दिले. आता फिती येताच झॉर्झ सरळ मजीदवर आरोप करतो. त्याला पुरावा लागत नाही, कारण फितीत नसलेले सर्व काही त्याच्या मनात आहे. पुढे मजीदच्या खोलीतील भेटीचीही फीत येते. झॉर्झ निघून गेल्यावर मजीद एकटाच रडत बसतो, तेही तीत आहे. ती पाहून पत्नीला पतीचे खोटे बोलणे कळते. कॅमेऱ्याने असत्य पकडले खरे, पण त्या रडण्यामागची चाळीस वर्षे त्यात कशी येणार? आणि १९६१ च्या त्या रात्रीविषयी फ्रेंच सरकारने प्रारंभी दोन-तीनच मृत्यू मान्य केले होते, मृतांची संख्या आजही वादग्रस्त आहे. जेथे नोंदीची निकड होती तेथे सत्तेने नोंद दडपली, आणि जेथे काहीच घडत नाही त्या सुखवस्तू घराच्या दारावर कॅमेरा रोखलेला आहे. ही विसंगती चित्रपटात कोणी बोलून दाखवीत नाही.

फिती कोणी पाठविल्या, हे अखेरपर्यंत कळत नाही. ह्यावर कोडे घालून न सोडविल्याचा आक्षेप घेण्यात येतो. तो टिकण्यासारखा नाही, कारण उत्तर मिळाले असते तर प्रेक्षकाचेही लक्ष झॉर्झवरून उडून गुन्हेगारावर गेले असते. अधिक गंभीर आक्षेप वेगळा आहे. मजीदचा शेवट झॉर्झच्या देखत होतो आणि तो झॉर्झसाठीच झाल्यासारखा दिसतो. ज्याच्यावर अन्याय झाला तो चित्रपटातही दुसऱ्याच्या विवेकाला जागे करण्याचे साधन होऊन राहतो. पाहणाऱ्याचे सदोष वाचन दाखविण्यात दिग्दर्शक इतका गुंतला आहे की, पाहिल्या जाणाऱ्याला स्वतःचे म्हणणे उरलेले नाही.

अँड्रिया आर्नल्ड हिच्या ‘रेड रोड’ (२००६) मध्ये कॅमेऱ्यामागे एक जिवंत माणूस बसला आहे. ग्लासगो शहरातील नियंत्रण-कक्षात अनेक पडद्यांपुढे बसून जॅकी रात्री काढते. आजारी कुत्र्याला फिरविणारा माणूस आणि काम करता करता नाचणारी सफाई-कामगार स्त्री ह्यांच्यावर तिचा जीव जडलेला आहे. हा चित्रपटातील सर्वांत सुंदर भाग म्हणावयास हवा. पहारा आणि माया ह्यांतील सीमारेषा इतकी पुसट असू शकते, हे तेथे न बोलता कळते. पण ज्याच्यामुळे आपला पती व मुलगी मरण पावली तो क्लाईड एके दिवशी पडद्यावर दिसतो आणि त्या क्षणापासून ती सेविका राहत नाही. यंत्र तेच, वेतन तेच, पण दृष्टीला हेतू मिळाला आहे. एकाच्या मागे लागलेली दृष्टी इतर सर्वांवरून उठते, हेही ओघानेच आले. पुढे ती त्याच्यावर बलात्काराचा खोटा आरोप रचते आणि अखेर मागे घेते. हा आरोप मागे घेण्याइतका बदल तिच्यात होतो तो पडद्यामुळे नव्हे, समोरासमोरच्या संभाषणामुळे. कथेची ही अखेरची वळणे काहीशी घाईने घेतलेली आहेत. तरी एक गोष्ट ती निश्चितपणे दाखवून देतात. तटस्थता हा कॅमेऱ्याचा गुण नसून पाहणाऱ्याच्या अनोळखीपणाचे ते फळ आहे, आणि ओळख पटताच ती संपते.

हिंदीत दिबाकर बॅनर्जी ह्यांच्या ‘लव्ह सेक्स और धोखा’ (२०१०) ह्या चित्रपटातील ‘पाप की दुकान’ ही मधली कथा ह्या संदर्भात अवश्य विचारात घ्यावी लागते. ती एका मोठ्या दुकानात घडते आणि दुकानातील सुरक्षा-कॅमेऱ्यांच्या नजरेतून सांगितली जाते. कर्जात बुडालेला पर्यवेक्षक आदर्श, दुकानातील एखाद्या मुलीला जाळ्यात ओढून तिच्याशी झालेल्या संबंधाचे चित्रण ह्याच कॅमेऱ्यांनी करावयाचे आणि ते विकावयाचे, असा बेत करतो. रश्मी ही साधी, सरळ विक्रेती त्याच्या वाट्याला येते. त्याला तिच्याविषयी खरीच ओढ वाटू लागते, आणि तरीही चित्रण विकले जाते. ‘काशे’ची बौद्धिक शिस्त ह्या कथेत नाही, काही प्रसंग भडक आहेत. पण एका बाबतीत ती पुढे गेली आहे. प्रेक्षक जे पाहतो ते आणि गिऱ्हाईक जे विकत घेते ते चित्रण एकच आहे. प्रेक्षक त्यात एका एकाकी मुलीचा विश्वास वाचतो, गिऱ्हाईक केवळ देह वाचते. रश्मीला मात्र दोन्ही वाचनांत मत नाही. असे वाचन चालू आहे हेही तिला ठाऊक नाही. चोरीपासून मालाचे रक्षण करण्यासाठी बसविलेल्या यंत्राने दुकानातील सर्वांत दुर्बळ व्यक्तीचीच चोरी केली, आणि त्यासाठी यंत्रात काडीचाही बदल करावा लागला नाही.

ब्राऊन दांपत्याचा कॅमेरा दाराबाहेर पाहत होता; आजच्या घरातील कॅमेरा पुष्कळदा स्वयंपाकघराकडे, पाळण्याकडे, म्हाताऱ्या माणसाच्या खाटेकडे तोंड करून बसविलेला असतो. पाहणारा कचेरीत किंवा परदेशात असतो, आणि पाहिली जाणारी बहुधा घरकाम करणारी स्त्री असते. तिच्या दृष्टीने ते घर नसून कामाची जागा आहे. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण अधिनियमाने मात्र व्यक्तीने वैयक्तिक अथवा घरगुती प्रयोजनासाठी केलेला विदेचा वापर आपल्या कक्षेबाहेर ठेवला आहे. रश्मीच्या कथेचे वाचन करताना हे कलम ध्यानात ठेवलेले बरे.

कायद्याने लेख आणि साक्षी ह्यांतील भेद अगदीच विसरलेला नाही, ह्याचे उदाहरण महाराष्ट्रातीलच आहे. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत जालना मतदारसंघाचा निकाल २९६ मतांनी लागला. विजयी उमेदवाराचे अर्ज दुपारी तीनची मुदत टळल्यावर दाखल झाले, असा आक्षेप घेण्यात आला, आणि निर्वाचन अधिकाऱ्याच्या दालनातील व बाहेरील कॅमेऱ्यांचे चित्रण हा वादाचा मुख्य आधार ठरला. चित्रणाच्या प्रतींसोबत पुरावा कायद्याच्या ६५-ब कलमाने आवश्यक असलेले प्रमाणपत्र वारंवार मागूनही अधिकाऱ्यांनी दिले नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने २०१७ साली निवडणूक रद्द ठरविली. ‘खोतकर विरुद्ध गोरंट्याल’ ह्या नावाने प्रसिद्ध असलेल्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने १४ जुलै २०२० रोजी ती कायम करताना सांगितले की, प्रतीच्या बाबतीत असे प्रमाणपत्र अनिवार्य आहे; मात्र पक्षकाराने शक्य ते सर्व करूनही संबंधित अधिकारी ते देत नसेल तर त्याची सक्ती करता येणार नाही. ही केवळ तांत्रिक बाब समजणे चुकीचे ठरेल. यंत्र कोणाच्या ताब्यात होते, ते नीट चालत होते काय, प्रत कशी काढली, ह्यांची जबाबदारी कोणी तरी नाव-सही करून घेतली पाहिजे, असा त्याचा अर्थ आहे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या ६३ व्या कलमाने ही अट कायम ठेवून तीत तज्ज्ञाच्या सहीची भर घातली आहे. याज्ञवल्क्याला हे व्यवस्थित समजले असते.

जालना प्रकरणात आणखी एक गोष्ट दिसली. प्रमाणपत्र देणे ज्यांच्या हाती होते त्यांनी ते दिले नाही, आणि त्यांच्या मौनामुळे चित्रण असूनही वर्षानुवर्षे वाद चालला. अंतिम निर्णय येईपर्यंत त्या विधानसभेची मुदतही संपून गेली होती. २ डिसेंबर २०२० रोजी ‘परमवीर सिंग सैनी’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने देशातील प्रत्येक पोलीस ठाण्यात, कोठडीसह, कॅमेरे बसवावेत आणि चित्रण अठरा महिने जपावे, असा आदेश दिला. येथे पाहिला जाणारा सत्ताधारी आहे आणि यंत्राची किल्लीही त्याच्याच कमरेला आहे. कोठडीतील माणसाच्या वतीने ते चित्रण मागावयास जो जाईल त्याला प्रथम त्याच ठाण्याचे दार ठोठवावे लागेल.