तेंडुलकर आणि पटकथेतले मौन

विजय तेंडुलकरांच्या नाटकांवर आपल्याकडे जितका वाद झाला, जितकी शाई खर्ची पडली, त्या मानाने त्यांच्या पटकथांची दखल फारच थोडी घेतली गेली. आणि याचे कारण टीकाकारांच्या आळसात जेवढे आहे, तेवढेच पटकथा या लेखनप्रकाराच्या विचित्र नशिबातही आहे, कारण नाटकाची संहिता छापली जाते, अभ्यासली जाते, पण पटकथा सहसा चित्रीकरण संपताच दप्तरात जाऊन पडते.

ज्या लेखकाची कीर्ती मध्येच तुटणाऱ्या वाक्यांवर आणि बोलता बोलता उघडे पडणाऱ्या माणसांवर उभी राहिली, त्याने हिंदीत पटकथा रचताना संवादांची मुखत्यारी मात्र इतरांच्या हाती दिली, ही गोष्ट वरकरणी विपरीतच वाटते. ‘निशांत’चे (1975) संवाद सत्यदेव दुबे यांचे, ‘मंथन’चे (1976) कैफी आझमींचे, ‘अर्धसत्य’चे (1983) वसंत देव यांचे. परंतु माझ्या मते या त्यागातूनच तेंडुलकरांतला पटकथाकार घडला. शब्द हाती नसल्यामुळे प्रसंगांचा क्रम, माहिती केव्हा द्यावी आणि केव्हा दडवावी, कोणाला किती वेळ गप्प ठेवावे, एवढीच साधने त्यांच्यापाशी उरली.

या साधनांची परिसीमा गोविंद निहलानींच्या ‘आक्रोश’मध्ये (1980) दिसते. पत्नीच्या खुनाचा आरोप डोक्यावर असलेला लहान्या भिकू वकिलाला जबानी देत नाही, कोर्टालाही देत नाही. सारा खटला त्याच्या मिटलेल्या तोंडाभोवती फिरतो, आणि त्याचा बचाव करणारा भास्कर कुलकर्णी जे जे शोधून काढतो, ते आरोपीच्या मौनाचे भाष्य म्हणूनच आपल्यासमोर येते. बापाच्या अंत्यविधीला बेड्यांसह आणलेला हा माणूस कुऱ्हाडीने आपल्या बहिणीचाच जीव घेतो आणि मग किंचाळतो, तेव्हा त्या कृत्याचा हेतू कोणी समजावून सांगत नाही. रंगभूमीवर हे इतके दीर्घ मौन पेलले असते की नाही, याची मला शंका आहे. लहान्या साकारणाऱ्या ओम पुरींचा चेहरा जवळून दाखवणारा कॅमेरा येथे लेखकाच्या मदतीस आला.

‘मंथन’च्या पटकथेस राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन तो चित्रपट उभा केला, हे खरे, तरीही सहकाराचा धडा तेथे आधीच ठरलेला असल्याने तेंडुलकरांच्या संशयी वृत्तीला त्यात मोकळीक कमी मिळाली, असे म्हणावेसे वाटते. (सहकारी साखरेच्या सावलीतील त्यांचाच ‘सामना’ हा चित्रपट मात्र एका नाहीशा झालेल्या मारुती कांबळेची चौकशी अखेरपर्यंत सोडत नाही.) ‘सिंहासन’मध्ये अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्या एकाच पटकथेत ओवण्याचे काम होते, आणि पत्रकार दिगू टिपणीसच्या नजरेचा धागा नसता, तर सत्तेच्या त्या गर्दीत प्रेक्षक हरवला असता.

दूरदर्शनसाठी तेंडुलकरांनी ‘स्वयंसिद्धा’ ही मालिका लिहिली आणि त्यांची कन्या प्रिया तिची नायिका झाली. शांता निसळांच्या ‘बेघर’वरून त्यांनी पटकथा केलेला ‘उंबरठा’ (1982) हा चित्रपटही असाच स्त्रीकेंद्री. पण तेथे सुलभा महाजन घर आणि संस्था या दोन्हींतून बाहेर पडते, तिचे पुढे काय, हे सांगण्याचे दडपण चित्रपटावर नाही. मालिकेवर ते असते. पुढच्या आठवड्याचा तगादा मागे लागलेला असताना कथेला अपुरे राहण्याची सवलत मिळत नाही, आणि तेंडुलकरांचे बळ तर अपुरेपणातच होते. म्हणूनच त्यांच्या कारकिर्दीत दूरचित्रवाणीचा वाटा गौण राहिला, हे मला अपघाती वाटत नाही.

आज मराठी दैनंदिन मालिकांच्या श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद यांखाली वेगवेगळी नावे झळकतात, म्हणजे ‘निशांत’च्या काळातली ती वाटणी कायम आहे, फरक इतकाच की, पात्र क्षणभर गप्प झाले की तेथे पार्श्वसंगीत धावून येते.