खाणकामगाराचं घर, आणि ज्यांना घर मिळालं नाही ते

वॉकर एव्हान्सने १९३५ साली वेस्ट व्हर्जिनियातल्या एका कोळसा खाणकामगाराच्या घरात काढलेला फोटो बऱ्याच जणांनी पाहिला असेल. भिंतीला जाहिरातींचे पुठ्ठे, त्यात हसरा सांताक्लॉज, पुढ्यात झुलती खुर्ची. एव्हान्स कीव करत नाही. पुठ्ठे थंडीसाठी लावलेत की शोभेसाठी, हे आपल्यावर सोडतो. फोटो उत्तमच आहे. तक्रार आहे ती तो वापरण्याच्या पद्धतीबद्दल.

एव्हान्सला त्या भागात सरकारनेच धाडलं होतं, आर्थरडेल टिपायला. स्कॉट्स रनच्या बेकार खाणकामगारांसाठी १९३३ मध्ये आखलेली ही वसाहत. एलिनॉर रूझवेल्ट यांनी ती मनावर घेतली होती. १६५ घरं, प्रत्येकाला दोन ते पाच एकर जमीन, सहकारी दुकान, सहकारी शेती. त्यामुळे 'आधी झोपडी, नंतर मळा' अशी जोडी लावायचा मोह होतो.

पण ही जोडी खोटी आहे. स्कॉट्स रनमध्ये कृष्णवर्णीय आणि परदेशातून आलेली कुटुंबं मोठ्या संख्येने होती; आर्थरडेलमध्ये मात्र त्यांना घर मिळालं नाही. म्हणजे 'आधी'मधली कितीतरी माणसं 'नंतर'मध्ये नाहीतच. फोटोशेजारी हे लिहिलं नाही, तर तो इतिहास नव्हे, जाहिरातच, भिंतीवरच्या पुठ्ठ्यासारखी.

दुसरी गोष्ट पोटाची. मळ्यावर भाजी होई, पगार होत नसे. जोडीला कारखाना हवा होता. टपाल खात्याचं सामान बनवायच्या कारखान्याला काँग्रेसने १९३४ मध्ये पैसे नाकारले. पुरेसं काम आलं ते महायुद्धासोबत. १९४७ पर्यंत सरकार घरं विकून मोकळं झालं. तरी तिथे राहिलेल्यांना डोक्यावर छप्पर आणि मुलांना चांगली शाळा मिळाली, हेही नोंदवायला हवं.

आपण गोंयकारांनी हे का वाचावं? २०१२ आणि २०१८ मध्ये खाणी बंद पडल्या, तेव्हा 'शेतीकडे वळा' हा सल्ला आपणही सहज देऊन टाकला. सहकारी शेती आपल्याला नवी नाही; गावकरी होतीच. पण गावकरीतही हक्क गांवकारांच्या वंशजांचा, बाहेरून आलेल्या कामगाराचा नव्हे. मग खाणीच्या गाळाने भरलेली शेतं साफ करून उद्या कुणी संस्था काढलीच, तर सभासदांच्या यादीत कोण असेल? आर्थरडेलचे फोटो पाहताना हा प्रश्न सुचला, तर ते पाहिल्याचं सार्थक.